दोन डोळे आणि एक पुतळा : व्ही. शांताराम यांच्या चित्रपटांतील पतित माणूस

१९५८ साली बर्लिनच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात इंगमार बर्गमन यांच्या 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज' या स्वीडिश चित्रपटाला सर्वोच्च मान मिळाला. त्याच महोत्सवात एका भारतीय कृष्णधवल चित्रपटाने दोन सन्मान मिळवले. चित्रपट होता व्ही. शांताराम यांचा 'दो आँखें बारह हाथ'. पहिला सन्मान परीक्षक मंडळाचा, 'रौप्य अस्वल' या नावाचा. त्याची नोंद सर्वत्र आढळते. दुसरा सन्मान दिला होता 'ओसिक' या आंतरराष्ट्रीय कॅथोलिक चित्रपट संघटनेने. त्याची आठवण आपल्या समाजातही फारशी कोणी ठेवलेली दिसत नाही. १९२८ मध्ये स्थापन झालेली ही संघटना २००१ साली 'सिग्निस' या संस्थेत विलीन झाली.

चित्रपट हिंदी, त्याचा कर्ता कोल्हापूरचा मराठी माणूस, कथा सहा खुनी कैद्यांची. धर्मप्रचाराचा त्यात लवलेश नाही. मग कॅथोलिक परीक्षकांना त्यात असे काय आढळले? आणि त्यांना जे आढळले ते शांताराम यांच्या दीर्घ कारकिर्दीत अखेरपर्यंत टिकले काय? या दोन प्रश्नांचा विचार येथे करावा, असा आमचा मानस आहे. हे प्रश्न केवळ चित्रपटरसिकांचे नाहीत. पतित माणसाशी समाजाने कसे वागावे, हा त्यांच्या मुळाशी असलेला प्रश्न आहे, आणि तो आपल्या प्रत्येक धर्मग्रामाच्या दाराशी उभा आहे.

शांताराम राजाराम वणकुद्रे यांचा जन्म १८ नोव्हेंबर १९०१ रोजी कोल्हापूरचा. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत पडेल ते काम करीत ते ही कला शिकले. १९२५ च्या 'सावकारी पाश' या मूकपटात सावकाराने नाडलेला तरुण शेतकरी त्यांनीच उभा केला. १९२७ मध्ये 'नेताजी पालकर'च्या दिग्दर्शनाची धुरा त्यांच्याकडे आली. १९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, धायबर आणि कुलकर्णी यांच्यासह त्यांनी 'प्रभात'ची स्थापना केली, आणि १९३२ साली 'अयोध्येचा राजा' हा मराठीतील पहिला बोलपट दिला. म्हणजे नट आणि दिग्दर्शक ही दोन्ही अंगे त्यांच्या ठायी प्रारंभापासून एकत्र नांदत होती. या दोहोंचे कधी जमले आणि कधी बिनसले, हे पाहिल्यावाचून शांताराम यांचे मूल्यमापन पुरे होणार नाही.

दिग्दर्शकाने स्वतःच मुख्य भूमिका करावी, ही प्रथा जर्मन चित्रपटात जुनी आहे. पॉल वेगेनर यांनी १९२० च्या 'गोलेम'मध्ये मातीच्या त्या अजस्र पुतळ्याची भूमिका स्वतः केली आणि सहदिग्दर्शनही केले. छायाप्रकाशाच्या खेळातून मनातील भय पडद्यावर आणण्याचे कसब त्या पिढीने सिद्ध केले होते. शांताराम यांचा या जगाशी प्रत्यक्ष संबंध १९३३ च्या सुमारास आला. 'सैरंध्री' हा चित्रपट रंगीत करण्यासाठी ते तो जर्मनीला घेऊन गेले. रंग मनासारखे उतरले नाहीत. परंतु मनुष्य रिकाम्या हाताने परतला नाही. १९३४ मध्ये, 'प्रभात' पुण्यास आल्यानंतर त्यांनी जो 'अमृतमंथन' काढला, त्यात जर्मन छायाकलेचा संस्कार जाणकारांना स्पष्ट दिसतो.

'अमृतमंथन'मधील राजा बळीची प्रथा बंद करतो आणि त्यामुळे खवळलेला राजगुरू त्याच्याविरुद्ध कट रचतो. त्या राजगुरूचा एकच डोळा सारा पडदा व्यापून टाकतो. ते दृश्य पाहिलेला प्रेक्षक सहसा ते विसरत नाही. आम्हा धर्मगुरूंना तर ते विशेष अस्वस्थ करते. कारण तो डोळा धर्माच्या नावाने पाहणारा आहे. समोरच्याला माणूस न मानता बळी मानणारा तो डोळा आहे. शांताराम यांनी जर्मनीतून जे कसब आणले, ते त्यांनी प्रथम अशा रीतीने भयाच्या सेवेला लावले. तेवीस वर्षांनी त्यांनी पुन्हा डोळ्यांनाच चित्रपटाचा विषय केला. पण ते डोळे निराळे होते. मधल्या काळात काय घडले ते पाहिले पाहिजे.

मधल्या काळातील त्यांची सर्वोत्तम कामगिरी आमच्या मते 'माणूस' ही होय. १९३७ च्या 'कुंकू'मध्ये त्यांनी म्हाताऱ्या नवऱ्याच्या गळ्यात बांधल्या गेलेल्या तरुणीचे बंड रंगवले होते. १९३९ च्या 'माणूस'मध्ये ते त्याहून एक पायरी खाली उतरले, आणि तेथेच त्यांची दृष्टी उंचावली. गणपत हा साधा पोलीस शिपाई आणि मैना ही वेश्या, एवढीच ही गोष्ट. गणपतची भूमिका शाहू मोडक यांनी केली. अहमदनगरच्या मराठी ख्रिस्ती कुटुंबात जन्मलेल्या या नटाला महाराष्ट्राने पडद्यावरचा श्रीकृष्ण म्हणून डोक्यावर घेतले. परंतु खाकी वेशातला, गोंधळलेला, हळवा गणपत ही त्यांची खरी कमाई आहे, असे आम्हांस वाटते. मैना झाली होती शांता हुबळीकर. गणपत तिला त्या वस्तीतून बाहेर काढू पाहतो. त्याचे घर, त्याची भाविक आई तिच्यासमोर उभी आहे. परंतु ती स्वतःलाच त्या उंबरठ्याला लायक समजत नाही. समाजाने दिलेला शिक्का तिने आतून स्वीकारलेला आहे. अखेर तिच्या हातून मामाचा खून होतो आणि ती तुरुंगात जाते. गणपतने मात्र तिच्यासाठी आपले आयुष्य संपवू नये, हेच तिचे मागणे राहते.

या चित्रपटात शांताराम स्वतः पडद्यावर नाहीत. म्हणूनच कदाचित येथे कोणी उद्धारक नाही. दोन दुबळी माणसे परस्परांना हात देऊ पाहतात आणि त्यांचे हात अपुरे पडतात. दिग्दर्शक त्यांच्या बाजूला उभा राहून पाहतो, वर उभा राहून नव्हे.

१९४२ मध्ये शांताराम यांनी 'प्रभात' सोडून मुंबईत 'राजकमल कलामंदिर' उभारले. १९४६ चा 'डॉ. कोटणीस की अमर कहानी' हा तर आपल्या जिल्ह्याचा विषय. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३८ साली पाच भारतीय डॉक्टरांच्या पथकातून चीनला गेले, तेथील जखमी सैनिकांची सेवा करीत राहिले, तेथेच विवाहबद्ध झाले आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या अवघ्या बत्तिसाव्या वर्षी तेथेच वारले. ही भूमिका शांताराम यांनी स्वतः केली. त्यांनी पंचेचाळिशी गाठली होती. वयाचे अंतर क्षम्य म्हणता येईल. परंतु येथे नट शांताराम यांची एक खोड प्रथमच ठळकपणे दिसते. त्यांचा कोटणीस थकलेला, चुकणारा, घरच्या आठवणीने व्याकूळ होणारा तरुण वाटण्याऐवजी आधीच चौथऱ्यावर चढलेला वाटतो. हुतात्मा होण्यापूर्वी हुतात्म्याला माणूस असावे लागते, हे भान येथे सुटले आहे.

आता आपण 'दो आँखें बारह हाथ'कडे वळू. या चित्रपटाचे बीज आमच्या शेजारचे आहे. आम्ही ज्या नातेपुते गावी बसून हे लिहीत आहोत, तेथे नीरेच्या कालव्याचे पाणी खेळते. पण गावाच्या दक्षिणेला शिखर शिंगणापूरचा डोंगर ओलांडला की माणदेशाचा कोरडा पट्टा लागतो. म्हसवड, दिघंची मागे टाकली की आटपाडी. तेथे, तत्कालीन औंध संस्थानाच्या हद्दीत, १९३९ च्या सुमारास 'स्वतंत्रपूर' नावाची वसाहत उभी राहिली. औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी आणि पोलंडहून आलेले अभियंते मॉरिस फ्रिडमन यांच्या प्रेरणेने येथे गंभीर गुन्ह्यांच्या कैद्यांना भिंतीविना ठेवण्याचा प्रयोग झाला. कैद्यांनी जमीन कसावी, आणि विशेष म्हणजे त्यांच्या बायकामुलांनी त्यांच्यासोबत राहावे, अशी ती योजना होती. त्याच मुलखातील शेटफळ्याचे ग. दि. माडगूळकर यांनी चित्रपटाची कथा लिहिली.

चित्रपटातील आदिनाथ हा तरुण जेलर सहा खुन्यांना मागून घेतो आणि ओसाड माळावर नेतो. बेड्या नाहीत, भिंत नाही. काम, एकत्र जेवण आणि संध्याकाळची प्रार्थना, एवढाच तेथला कायदा. भरत व्यास यांनी लिहिलेली आणि वसंत देसाई यांनी स्वरबद्ध केलेली ती प्रार्थना पुढे असंख्य शाळांतून म्हटली जाऊ लागली; आपल्या मुलांनीही ती म्हटली असेल. कैदी पळू पाहतात, तेव्हा त्यांना अडवतात ते जेलरचे दोन डोळे. राजगुरूचा डोळा बळी शोधत होता. हे डोळे परत येणाऱ्याची वाट पाहतात. उधळ्या पुत्राचा बाप दूरवर नजर लावून बसलेला असतो, हे शुभवर्तमानातील चित्र ज्याच्या मनावर लहानपणापासून कोरलेले आहे, त्याला या डोळ्यांची ओळख पटवून द्यावी लागत नाही. बर्लिनच्या कॅथोलिक परीक्षकांना काय आढळले, याचे उत्तर आमच्या समजुतीप्रमाणे हेच असावे. १९३६ मध्ये पोप अकरावे पायस यांनी आणि १९५७ मध्ये पोप बारावे पायस यांनी चित्रपटाविषयी परिपत्रके काढली होती. चित्रपटाची शक्ती माणसाला उन्नत करण्यासाठी वापरता येते, हा विश्वास त्या दोन्ही परिपत्रकांत होता. त्या विश्वासाला मूर्त उदाहरण माणदेशच्या मातीतून मिळाले, याचा आपणांस अभिमान वाटावा.

हातांचे चित्रण हे या चित्रपटाचे दुसरे सामर्थ्य. ज्या बारा हातांनी रक्त सांडले, तेच हात नांगर धरतात, दगड वेचतात, भाजी पिकवतात. शांताराम यांनी येथे शब्दांवर भिस्त न ठेवता श्रमावर ठेवली आहे. प्रायश्चित्त हे केवळ अश्रूंनी होत नाही, ते हातांनी करावे लागते, ही गोष्ट आम्ही प्रवचनांतून नेहमी सांगत असतो. येथे ती डोळ्यांना दिसते.

तथापि समीक्षकाने केवळ स्तुती करून थांबू नये. या चित्रपटाचा दोष त्याच्या मध्यभागीच आहे, आणि तो दोष म्हणजे आदिनाथाच्या वेशातील स्वतः शांताराम. ते दोन डोळे इतके मोठे होतात की बारा हातांचे धनी लहान होऊन जातात. सहा कैद्यांची सहा मने आपल्याला निरनिराळी अशी फारशी कळत नाहीत. ते बिघडतात एकत्र, सुधारतात एकत्र, रडतातही एकत्र. स्वतंत्रपुरात विश्वासाचा भार एका पुरुषाच्या नजरेवर नव्हता. तो अंगणात खेळणाऱ्या लेकरांवर होता, चुलीपुढच्या बायकोवर होता, उगवणाऱ्या पिकावर होता. कैदी पळत नव्हता, कारण पळून जाण्याजोगे जे घर, ते त्याच्याजवळच होते. चित्रपटाने बायकामुले जवळजवळ वगळली आणि त्यांच्या जागी एक महात्मा बसवला. पुढे भाजीबाजारातील स्वार्थी माणसांच्या कारस्थानातून आदिनाथाला बैलाशी झुंजावे लागते आणि तो प्राण देतो. त्या झुंजीचे चित्रण करताना शांताराम यांच्या डोळ्यांना खरोखरच गंभीर इजा झाली होती. त्यांच्या निष्ठेबद्दल शंका घेण्यास म्हणूनच जागा नाही. आमची शंका निराळी आहे. आदिनाथ मेला, आता हे सहाजण शिक्षा भोगून आपापल्या गावी जातील. तेथे त्यांना कोण उंबरठ्याच्या आत घेईल? हा प्रश्न चित्रपट विचारीत नाही. उत्तम मेंढपाळाच्या बलिदानापाशी पडदा पडतो. कळपाने परतलेल्या मेंढराचे काय केले, ते आपल्याला कळत नाही.

तो प्रश्न शांताराम यांच्या हातून पुढे पंधरा वर्षांनी विचारला गेला, आणि त्याचे उत्तर भयानक होते. १९७२ चा 'पिंजरा' हा मराठी माणसाला लावणीसाठी आठवतो. संध्या, श्रीराम लागू, निळू फुले यांचा अभिनय, जगदीश खेबूडकरांची गीते आणि राम कदम यांचे संगीत यांनी खेडोपाडी त्याचे वेड लावले. त्याचे मूळ मात्र पुन्हा जर्मनीतच आहे. जोसेफ फॉन स्टर्नबर्ग यांचा १९३० चा 'डेअर ब्लाउए एंगेल', म्हणजे 'निळा देवदूत', हा हाइनरिश मान यांच्या कादंबरीवरून निघालेला चित्रपट. त्यात एमिल यानिंग्स यांनी उभा केलेला करडा शिक्षक मार्लेन डीट्रिश या नटीने साकारलेल्या गायिकेच्या मोहात पडतो, नोकरी गमावतो, विदूषक होतो, आपल्याच गावात सर्वांसमोर कोंबड्यासारखे आरवण्याची पाळी त्याच्यावर येते, आणि अखेर तो आपल्या जुन्या वर्गात शिरून मास्तरांचे मेज घट्ट धरून मरतो.

'पिंजऱ्या'तील गुरुजी गावाला आदर्श घडवणारे. तमाशाला विरोध करता करता चंद्रकला या नर्तकीच्या मोहात पडून तेच फडाबरोबर भटकू लागतात. येथपर्यंत जर्मन कथेची सावली आहे. परंतु मराठी चित्रपटाने त्यात एक भर घातली, आणि ती मूळ कथेहून खोल जाते. चेहरा ओळखता न येणारे एक प्रेत गुरुजींचे म्हणून गावापुढे येते. गुरुजींचा खून झाला असे गाव मानते, शोक करते, आणि त्यांचा पुतळा उभारते. पुढे हाच जिवंत माणूस गुरुजींच्या, म्हणजे स्वतःच्याच, खुनाच्या आरोपाखाली पकडला जातो. खरे सांगितले तर प्राण वाचतील, पण गावाचा आदर्श मोडेल. तो गप्प राहतो आणि फाशी स्वीकारतो.

या शेवटाला त्याग म्हणण्याची पद्धत आहे. प्रेक्षक डोळे पुसत बाहेर पडतात. आम्ही मात्र नम्रपणे निराळे म्हणू इच्छितो. ही करुणेची कथा नव्हे; करुणा जेथे संपते तेथली ही कथा आहे. ज्या गावाने गुरुजींच्या पायाशी बसून चांगुलपणा शिकला, त्या गावाला पडलेला गुरुजी परत घेता येणार नाही, याची त्याला स्वतःलाच खात्री आहे. 'माणूस'मधल्या मैनेसारखाच तोही आपल्याला उंबरठ्याला लायक समजत नाही. गावाला मेलेला साधू हवा आहे, जिवंत पापी नको आहे. म्हणून पुतळा राहतो आणि माणूस जातो. शांताराम यांना हे शोकात्म सौंदर्य वाटले की गावावरचा आरोप वाटला, हे चित्रपटावरून नक्की ठरत नाही. त्यांची भव्यतेची आवड येथेही आड येते, आणि पुतळ्यावरचे तेज कमी करण्यास ते धजत नाहीत. परंतु जर्मन शिक्षक निदान आपल्या खऱ्या नावाने मेला. आमचा गुरुजी स्वतःच्या नावालाही पारखा होऊन मेला. नैतिकतेच्या नावाखाली समाज किती निर्दय होऊ शकतो, याचे यापेक्षा कठोर चित्र मराठी चित्रपटात आम्हांस तरी ठाऊक नाही.

शांताराम यांना १९८५ चा दादासाहेब फाळके पुरस्कार लाभला आणि ३० ऑक्टोबर १९९० रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. त्यांच्या साऱ्या कारकिर्दीचा ताळेबंद मांडायचा तर आम्ही असे म्हणू : यंत्र, रंग, ध्वनी, छाया यांवरील त्यांचे प्रभुत्व वादातीत आहे. ते जेव्हा स्वतः नायक झाले तेव्हा बहुधा चौथऱ्यावर चढले. जेव्हा कॅमेऱ्यामागे राहिले तेव्हा माणसाजवळ गेले. 'दो आँखें बारह हाथ' हा या दोहोंच्या सीमेवरचा चित्रपट आहे. त्यातील नायक चौथऱ्यावर आहे, पण त्याची नजर खाली, मातीत राबणाऱ्या हातांकडे वळलेली आहे. तेवढ्याने तो चित्रपट तरला.

आता आपल्या घरातील गोष्ट. आपल्या धर्मग्रामातून कोणी तुरुंगात जातो, कोणाचा संसार मोडतो, कोणी व्यसनात बुडतो, कोणाची मुलगी घर सोडून जाते. पापनिवेदनाच्या वेळी प्रभू क्षमा करतो, हे आपण मानतो. परंतु क्षमा झालेला माणूस पुढच्या रविवारी मिस्सेला आला, तर त्याच्या बाकावर त्याच्या शेजारी कोण बसते? त्याच्या मुलीला मागणी कोण घालते? त्याला दुकानात काम कोण देते? आपले डोळे त्या वेळी आदिनाथाचे असतात, की 'अमृतमंथन'मधल्या राजगुरूचे? गावागावांतून आपणही पुतळे उभे केलेले आहेत : अमक्या घराण्याची अब्रू, तमक्या कुटुंबाचे नाव. ते जपण्यासाठी जिवंत माणसाला गप्प बसवण्याची कला आपल्यालाही अवगत आहे.

हे दोन चित्रपट आजही सहज पाहावयास मिळतात. कुटुंबातील मोठ्या मुलामुलींसह ते लागोपाठ पाहावेत, आधी 'दो आँखें बारह हाथ' आणि मग 'पिंजरा', अशी आमची सूचना आहे. लावण्यांविषयी आणि प्रार्थनेविषयी बोलून झाल्यावर मुलांना एकच प्रश्न विचारावा : गुरुजी त्या रात्री खरे नाव सांगून आपल्या दारात आले असते, तर दार कोणी उघडले असते? मुले काय सांगतात ते ऐकावे, आणि मग आपण काय सांगतो तेही ऐकावे.